मदत हवी आहे : अपूर्णांकांच्या वजाबाकीतला हातचा

नमस्कार मंडळी. आम्ही इंदूरचे. लेक सहावीत, हिंदी माध्यमात. शाळेत छेदाला 'हर' म्हणतात, घरी मी 'छेद' म्हणते. त्याने तिचं काही अडत नाही. अडतं ते हातच्याशी.

कालचं गणित : ५ पूर्णांक १/४ वजा २ पूर्णांक २/३. लसावि १२ तिने बरोबर काढला, समच्छेदही केले : ५ पूर्णांक ३/१२ वजा २ पूर्णांक ८/१२. तीनातून आठ जात नाहीत म्हणून पाचातून एक घेतला, पाच खोडून चार केले आणि ३ च्या मागे १ लावून १३ लिहिले! उत्तर २ पूर्णांक ५/१२. खरं तर घेतलेला एक म्हणजे १२/१२, तेव्हा १५/१२ हवेत आणि उत्तर २ पूर्णांक ७/१२. समजावलं की 'हो हो' म्हणते, पुढच्या गणितात पुन्हा दहाच.

गंमत अशी की आजीने तोंडी विचारलं, "सव्वापाच मीटर कापडातून पावणेतीन गेलं, किती उरलं?" तर क्षणात "अडीच". पाव-पाऊण तिला दिसतात, तृतीयांश आला की बिनसतं.

सध्या अंशाधिक करून घेते : ६३/१२ वजा ३२/१२ बरोबर ३१/१२. उत्तर येतं, पण मोठ्या आकड्यांत गुणाकार चुकतात, आणि हातचा कळला नाही ही रुखरुख राहतेच.

प्राथमिकला शिकवणाऱ्यांनी सांगा, हा 'दहाचा हातचा' मुलांच्या डोक्यातून कसा काढता? पट्ट्या, पोळी, कागदाच्या घड्या, नेमकं काय वापरता? सोमवारी चाचणी आहे.