मदत हवी आहे : बेडकांचा आवाज कशावर काढावा?

डिस्नेचा १९३७ सालचा ‘द ओल्ड मिल’ हा छोटा ऑस्करविजेता कार्टूनपट शाळेत आवाज बंद करून दाखवायचाय. साथ मुलंच करणार. संवाद एकही नाही, म्हणून सोपं वाटलं होतं. पडक्या पवनचक्कीत पाखरं मुक्कामाला असतात, रात्र पडली की तळ्यातले बेडूक सूर लावतात, जोडीला रातकिडे. रातकिडे घुंगरांवर जमले. वादळाला पत्रा आहे. पण बेडूक! डग्गा घासून पाहिला, तर म्हैस रेकल्यासारखं होतंय. काही घरगुती युक्ती? पेटी, तबला, टाळ, खंजिरी एवढंच हाताशी आहे. आणि दोर तुटून चाक फिरू लागतं, तरी पक्षीण घरटं सोडत नाही, तिथे ताल ठेवावा की नुसती शांतता?