क्रॅक केलेलं सॉफ्टवेअर: यंत्रं उघडून बघणाऱ्यांनी लिहा

चवथीच्या आधी बॅनर-पत्रिकांची कामं वाढली की डीटीपीच्या दुकानांतून क्रॅक, म्हणजे विकतचं सॉफ्टवेअर फुकट चालवणाऱ्या फाइली, पेनड्राइव्हवर फिरू लागतात. काय बिघडतं, कुठे दिसतं, ते नेमकं लिहा.

म्हापसा, संगणक दुरुस्ती
'आधी अँटिव्हायरस बंद करा' ही सूचना दिसली की तिथेच थांबा. ॲडमिनचे हक्क मिळाले की असला क्रॅक डिफेंडरच्या (विंडोजमधला अँटिव्हायरस) एक्सक्लूजन्समध्ये, म्हणजे न तपासायच्या जागांच्या यादीत, आपलं फोल्डर टाकू शकतो, कधी अख्खा सी ड्राइव्ह. मग डिफेंडर पुन्हा चालू केला तरी तो तिकडे बघतच नाही. यंत्र हातात आलं की आधी ती यादी बघा, मग टास्क शेड्युलर (ठरल्या वेळी आपोआप चालणारी कामं), मग होस्ट्स फाइल (कुठलं नाव कुठल्या पत्त्यावर न्यायचं ते सांगणारी). होस्ट्समध्ये अँटिव्हायरस कंपन्यांचे पत्ते 127.0.0.1 ला, म्हणजे यंत्राच्या स्वतःच्याच पत्त्याला, बांधलेले असतील तर साफसफाईत दिवस घालवू नका, सरळ फॉरमॅट करा.

फोंडा, डीटीपी
फॉरमॅटआधी एक काम. 'स्टॉप' कुळातलं रॅन्समवेअर (फाइली कुलूपबंद करून खंडणी मागणारा प्रोग्राम) मुख्यतः क्रॅकमधूनच पसरलं. ते प्रत्येक फाइलचा सुरुवातीचा साधारण 150 केबीचा भागच कुलूपबंद करतं, म्हणून झपाट्याने सगळ्या फाइली पकडतं. लहान फाइल पूर्ण जाते; मोठा व्हिडिओ कधीकधी दुरुस्त होतो. बंद झालेल्या फाइली आणि खंडणीची चिठ्ठी वेगळ्या डिस्कवर ठेवा. फाइली बंद होताना यंत्राला नेट नसेल तर 'ऑफलाइन' किल्ली (प्रोग्राममध्येच आधीपासून असलेली) वापरलेली असते, आणि ती पुढे कधी मिळू शकते. आणि बॅकअपची डिस्क कायम जोडून ठेवलेली असेल तर तो बॅकअप नव्हेच, तीही कुलूपबंद होते.

कळंगुट, होमस्टेंची संगणकव्यवस्था
पासवर्डचोर प्रोग्राम रॅन्समवेअरहून वाईट, कारण काहीच दिसत नाही. तो ब्राउझरमधल्या कुकीज उचलतो. कुकी म्हणजे आधीच झालेलं लॉगिन, त्यामुळे चोराला ओटीपी लागतच नाही. दुसऱ्या स्वच्छ यंत्रावरून आधी 'सगळीकडून लॉगआउट', मग नवा पासवर्ड. त्याच यंत्रावर बदललात तर नवाही गेला. पैसे गेले असतील तर लगेच 1930 (सायबर फसवणुकीची हेल्पलाइन).

मडगाव, मोबाइल
बदललेल्या (मूळ कंपनीचं नसलेल्या) व्हॉट्सॲपचंही तेच. एन्क्रिप्शन (निरोप कुलूपबंद करणं) वाटेतल्या निरोपाचं असतं; फोनवर उघडलेला निरोप ते ॲप वाचूच शकतं. 2021 मध्ये 'एफएम व्हॉट्सॲप'च्या एका आवृत्तीत ट्रायडा ट्रोजन (ॲपच्या आड लपलेला घातक प्रोग्राम) सापडला होता.

फोंडा, डीटीपी
क्रॅकला पर्याय विचारणाऱ्यांसाठी: इंकस्केप किंवा लिब्रेऑफिस ड्रॉ, दोन्ही मोफत. कोरलच्या (डीटीपीतलं विकतचं चित्र-मांडणीचं सॉफ्टवेअर) बऱ्याच फाइली उघडतात, पण जुन्या फाँटमधलं मराठी विस्कटतं. मजकूर आधी युनिकोडमध्ये (सगळीकडे चालणारी अक्षरपद्धत) आणा.