'आर्काइव्ह फुटेज मिळवणारा' : याला मराठीत काय लिहावं?

टिळकवाडीकर : १९२४च्या आपल्या बेळगावच्या काँग्रेस अधिवेशनावर छोटा माहितीपट करतोय. गांधीजी अध्यक्ष होते ते हे एकच. जुनं चित्रण मिळवणाऱ्या पोराचं श्रेय कसं लिहायचं? दिग्दर्शकानं 'पुरातत्त्व संशोधन' लिहिलंय. वाचून वाटतं, राजहंसगडावर खोदकाम काढलंय.

खानापूरकर : पुरातत्त्व नकोच. जुन्या कागदपत्रांना 'पुराभिलेख' म्हणतात, महाराष्ट्रात त्याचं संचालनालयच आहे. पण तेही जड. 'संग्रहित' लिहा की, पेपरात छापतात तसं.

निपाणीकर : पेपरातल्या 'संग्रहित छायाचित्र'चा अर्थ एवढाच, की फोटो आजचा नव्हे, घोटाळा करून घेऊ नका. गांधीजींच्या खाली ते लिहून काय सांगणार?

मी फिल्मच्या संकलनात, म्हणजे एडिटिंगमध्ये असतो, म्हणून सांगतो. हे काम दोन क्रियापदांचं आहे. पहिलं 'हुडकणे'. कन्नडमधल्या 'हुडुकु'चं भावंड, आपल्या तोंडात 'शोधणे'पेक्षा आधी येतं. कुठल्या संस्थेत, कुणाच्या माळ्यावर रीळ आहे, त्यावर लिहिलेलं साल खरं की खोटं, हे सगळं यात आलं.

दुसरं 'सोडवणे'. रेल्वेचं पार्सल पावती दाखवून सोडवतात, तसंच. संस्था आधी वॉटरमार्क (चित्रावर उमटवलेली खूण) आणि टाइमकोड (चित्रावर धावणारे वेळेचे आकडे) असलेली हलकी प्रत देते. त्यावर संकलन करायचं. मग किती सेकंद वापरले, महोत्सवात दाखवणार की टीव्हीवर, किती वर्षांसाठी, यावर पैसे ठरतात आणि मास्टर, म्हणजे खुणा नसलेली पूर्ण दर्जाची प्रत, हातात येते. रीळ ज्याच्या घरी, हक्क त्याचाच असं मुळीच नाही. आपल्या कायद्यात चित्रपटाचा हक्क प्रकाशनापासून ६० वर्षं चालतो. निम्मी डोकेदुखी इथेच.

अनगोळकर : 'फुटेज' तरी राहू द्या. ३५ मिमीची फिल्म मिनिटाला ९० फूट धावते, त्या फुटांवरून फुटेज. व्हिडिओत फूट कुठले? तरी शब्द टिकला, आणि लग्नात पुढे पुढे करणारा मामा 'फुटेज खातो' इथवर आला.

टिळकवाडीकर : निपाणीकर दादा, 'हुडकणे व सोडवणे : अमुक तमुक' असं पडद्यावर दिलं तर दिग्दर्शक मलाच हाकलेल.

निपाणीकर : मग 'जुने चित्रण : शोध आणि हक्क' लिहा. बोलताना हुडकायचंच. आणि माहितीपट काढणारी सरकारी फिल्म्स डिव्हिजन १९४८ची, म्हणजे १९२४चं चित्रण तिनं केलेलं नसणार, तेव्हा मूळ कुणी काढलं ते विचारा. कुणी 'बेळगावचं भाषण' म्हणून क्लिप पाठवली आणि त्यात गांधीजी बोलताना ऐकू आले, तर पैसे देऊ नका. तो मूकपटांचा काळ होता.