जुन्या एस्टीममध्ये फोनमधली गाणी कशी लावायची?

ग्रुप: मराठी मंडळी, आपली बिल्डिंग (इंदूर)

शुक्रवार

पुराणिक काका, बी २०४: नमस्कार मंडळी 🙏 एक गाडीचा प्रश्न. आमची एस्टीम २००५ची. त्यात कॅसेटचा टेप आहे आणि तो अजून चालतो. दिवाळीत लेकाकडे पुण्याला गाडीनेच जाणार आहोत. त्याने फोनमध्ये भजनं, नाट्यसंगीत, कीर्तनं असं बरंच काही भरून दिलंय. ते गाडीच्या स्पीकरवर लागेल का? दुकानात विचारलं तर तो म्हणतो, टेप काढून फेका, मोठी स्क्रीन लावा. टेप मला काढायचा नाही. घरात दोन खोकी कॅसेट आहेत, त्या काय लोणच्यात घालू?

सरवटे वहिनी, ए १०१: काका, टेप अजून चालतो हीच मोठी बातमी आहे!

समीर, डी ४०१: काका, स्क्रीनच घ्या हो. अँड्रॉइडवाली. नकाशा, ब्लूटूथ, रिव्हर्स कॅमेरा, सगळं एकात.

पुराणिक काका, बी २०४: रिव्हर्सला तुझ्या काकू आहेत.

पुराणिक काकू, बी २०४: मी पण आहे या ग्रुपवर, म्हटलं आठवण करून द्यावी.

मुळे, सी १०३: काका, इतका विचार कशाला? ते लायटरच्या भोकात लावायचं एफएमवालं यंत्र मिळतं. फोन ब्लूटूथने त्याला जोडायचा आणि गाडीच्या रेडिओवर तोच आकडा लावायचा. माझ्याकडे आहे. महूपर्यंत मस्त चालतं.

नितीन, सी ३०२: काका, काहीही घेण्याआधी टेपच्या तोंडाचा एक फोटो टाका. हेडफोनच्या पिनेएवढं गोल भोक कुठे आहे का, 'ऑक्स' (म्हणजे बाहेरून वायरीने आवाज आत घ्यायची जागा) लिहिलंय का, ते बघा. आणि पट्टीने टेपची लांबी-उंची मोजा.

पुराणिक काका, बी २०४: [फोटो] भोक नाही. टेप, रेडिओ, लाऊड, डॉल्बी आणि दोन बाणांचं बटण एवढंच. लांबी १८ सेंटिमीटर, उंची ५.

नितीन, सी ३०२: समीर, तुझी स्क्रीन इथेच बाद. १८० बाय ५० मिलिमीटर म्हणजे सिंगल डिन, गाडीच्या स्टिरिओचं एक ठरलेलं माप. मोठ्या स्क्रीनला साधारण दुप्पट उंची लागते, १८० बाय १००. काकांच्या गाडीत ती बसवायची तर डॅशबोर्ड कापावा लागेल. एवढी जपलेली गाडी कापायची म्हणजे जिवावरच येईल.

समीर, डी ४०१: भिया, सिंगल डिनमध्येही ब्लूटूथवाले येतात की.

नितीन, सी ३०२: येतात, आणि चांगले येतात. कॅसेटचा विषय नसता तर मीही तेच सांगितलं असतं. पण त्यात कॅसेटची जागा नसते. काकांना दोन्ही हवंय. म्हणून आधी कॅसेट अ‍ॅडॅप्टर.

सरवटे वहिनी, ए १०१: ते काय असतं?

नितीन, सी ३०२: दिसायला कॅसेटच, पण आत फीत नसते. फितीच्या जागी एक छोटं हेड (टेपमध्ये फीत वाचणारा ठोकळा असतो तसा भाग) बसवलेलं असतं आणि कोपऱ्यातून हेडफोनची पीन असलेली वायर बाहेर येते. ती पीन फोनला लावायची आणि कॅसेट टेपमध्ये घालायची. फोनचा आवाज त्या छोट्या हेडमध्ये विजेच्या रूपात येतो आणि तिथे क्षणाक्षणाला बदलणारं चुंबकीय क्षेत्र तयार होतं. टेपचं स्वतःचं हेड त्याला चिकटूनच असतं. त्याला वाटतं समोरून फीतच चाललीय, आणि ते वाजवायला लागतं. फितीवरही शेवटी चुंबकीय नोंदच असते, त्यामुळे टेपला फरक कळत नाही.

तुमच्या टेपला दोन बाण आहेत म्हणजे तो ऑटो रिव्हर्स आहे, एक बाजू संपली की आपोआप दुसरी लावणारा. असा टेप कॅसेटची चाकं फिरतायत का यावर लक्ष ठेवतो. चाक थांबलं की त्याला वाटतं बाजू संपली. म्हणून चांगल्या अ‍ॅडॅप्टरमध्ये दातेरी चाकं दिलेली असतात. त्यांचं काम एकच, टेपला गुंगवून ठेवायचं. स्वस्तातल्या अ‍ॅडॅप्टरमध्ये ती अडकतात आणि टेप खटाखट बाजू बदलत बसतो. तसं झालं तर अ‍ॅडॅप्टर बदलायचा, टेपला हात लावायचा नाही.

मुळे, सी १०३: माझ्या एफएमला काय झालं पण? वायर नाही, कटकट नाही.

नितीन, सी ३०२: मुळेकाका, महूपर्यंत चालतं ते खरं. पण इंदूरमध्येच ९२.७, ९३.५, ९४.३, ९८.३, १०१.६ एवढे आकडे भरलेले आहेत. त्यांच्या अगदी शेजारचा आकडा धरला तरी खरखर येते. मोकळी जागा सापडली तरी ती इंदूरपुरती. धुळे, नाशिक, पुणे आलं की तुमच्या आकड्यावर तिथलं कुठलं तरी स्टेशन बसलेलं निघतं. म्हणजे गाडी चालवता चालवता आकडे शोधत बसायचं. शिवाय ते यंत्र गाडीच्या आत आणि अँटेना बाहेर, त्यामुळे प्रत्येक गाडीत निकाल वेगळा. गावातल्या गावात ठीक. लांबच्या प्रवासाला मी नाही घेणार.

मुळे, सी १०३: बरं बाबा. माझं मात्र चालतंय.

सेक्रेटरी, ए ३०४: मंडळी, मध्येच एक सूचना. नर्मदा लाइनचं काम आहे, उद्या सकाळी पाणी उशिरा येईल. भरून ठेवा.

देशमुख ताई, डी २०२: नितीन, याच विषयात माझंही विचारते. आमची २०१२ची गाडी. पुढे यूएसबीचं भोक आहे. फोन लावला की चार्ज होतो, पण गाणी लागत नाहीत. 'नो फाइल' लिहून येतं. केबल बदलून पाहिली.

नितीन, सी ३०२: ताई, केबलचा दोष नाही. तो स्टिरिओ फक्त पेनड्राइव्ह ओळखतो. पूर्वी अँड्रॉइड फोन कॉम्प्युटरला लावला की सरळ पेनड्राइव्हसारखा दिसायचा. २०११च्या सुमारास गूगलने ती पद्धत सोडून एमटीपी ही फायली देण्याघेण्याची वेगळी पद्धत आणली. तुमच्या स्टिरिओला ती भाषाच येत नाही. फोनच्या सेटिंगमध्ये कितीही शोधलंत तरी उपाय सापडणार नाही.

तुम्ही पेनड्राइव्हच लावा. ती एफएटी-३२ मध्ये फॉरमॅट करायची (पेनड्राइव्हवर फायली मांडून ठेवायच्या पद्धतीचं नाव आहे ते). एनटीएफएस किंवा एक्सएफएटी असेल तर असे स्टिरिओ बहुतेकदा ओळखतच नाहीत. बऱ्याच कॉम्प्युटरवर विंडोज स्वतःहून ३२ जीबीपर्यंतच एफएटी-३२ देतं, म्हणून ३२ किंवा १६ जीबीचीच घ्या. गाणी एमपी३ असू द्या. आयफोनमधून आलेल्या एम४ए फायली कदाचित लागणार नाहीत. आणि फायलींची नावं देवनागरीत ठेवलीत तर डिस्प्लेवर चौकोन किंवा प्रश्नचिन्हं दिसतील. गाणं मात्र वाजेल.

किबे, बी ४०३: माझ्या गाडीत ब्लूटूथ आहे, फोन जोडला जातो, कॉलही गाडीच्या स्पीकरवर येतो, पण गाणी फोनमध्येच वाजतात. दुकानदार म्हणाला सेट खराब आहे, बदला.

नितीन, सी ३०२: सेट खराब नाही, किबेजी. ब्लूटूथमध्ये कामं वेगवेगळी वाटलेली असतात. कॉलसाठी एचएफपी आणि गाण्यासाठी ए२डीपी. जुन्या बऱ्याच गाड्यांत फक्त कॉलवालं दिलेलं असायचं. तरी आधी फोनच्या ब्लूटूथ यादीत गाडीच्या नावावर दाबून बघा. तिथे 'मीडिया ऑडिओ' लिहिलेलं असेल तर ते चालू करा, बंद पडलेलं असू शकतं. तो पर्यायच नसेल, तर गाडीला ते येत नाही. मग ऑक्सचं भोक असेल तर त्यात छोटा ब्लूटूथ रिसीव्हर लावायचा. सेट बदलायची गरज नाही.

किबे, बी ४०३: ऑक्स आहे. मागे त्यात वायर लावून बघितली होती. फोन चार्जिंगला लावला की 'कुंईईई' असा आवाज. अ‍ॅक्सिलरेटर दाबला की आवाजही चढतो.

नितीन, सी ३०२: तो अल्टरनेटरचा, म्हणजे इंजिनवर फिरून वीज तयार करणाऱ्या यंत्राचा. फोनची अर्थ चार्जरमधून गाडीला लागलेली आणि ऑक्सच्या वायरीतून स्टिरिओलाही. दोन वाटांनी एकच अर्थ जोडली गेली की मधल्या फेऱ्यात इंजिनचा गोंधळ शिरतो. चार्जर काढा, आवाज लगेच थांबेल. चार्जिंगही हवंच असेल तर ग्राउंड लूप आयसोलेटर नावाची छोटी डबी मिळते. आत दोन इवलेसे ट्रान्सफॉर्मर असतात. आवाज पलीकडे जातो, पण तारेला तार लागत नाही.

पुराणिक काका, इथे तुमचा फायदा आहे. कॅसेट अ‍ॅडॅप्टरमध्ये आवाज चुंबकाच्या वाटेने जातो. फोनची तार टेपला कुठेच लागत नाही. त्यामुळे फोन चार्जिंगला लावूनही ही कुंई सहसा येत नाही. किबेजींना जी डबी विकत घ्यायचीय, ती तुमच्या जुन्या टेपात फुकट आहे.

पुराणिक काका, बी २०४: ऐकलंस समीर? 😄

समीर, डी ४०१: 🙏🙏

पुराणिक काका, बी २०४: पण नितीन, माझ्या फोनला पिनेचं भोकच नाही. चार्जिंगचं एकच चपटं आहे.

नितीन, सी ३०२: हो, हल्लीच्या बऱ्याच फोनचं तसंच. टाइप-सी ते हेडफोनचा तुकडा मिळतो. घेताना 'डॅकवाला' असं स्पष्ट मागा. त्यात आवाज तयार करणारी चिप असते. अगदी स्वस्त तुकड्यात नुसती तारच असते आणि ती सगळ्या फोनवर चालत नाही. दुकानातच तुमच्या फोनला लावून, वाजवून घ्या. पण मग तेच भोक अडतं आणि चार्जिंग होत नाही. पुण्याचा प्रवास, त्यात नकाशाही चालू. म्हणून चार्जिंगची वाट असलेला दुहेरी तुकडा घ्या, नाहीतर गळ्यात अडकवायचा छोटा ब्लूटूथ रिसीव्हर घ्या आणि अ‍ॅडॅप्टरची पीन त्यात लावा. ब्लूटूथवाली कॅसेटही येते, पण तिची बॅटरी संपली की कॅसेट बाहेर काढून चार्ज करावी लागते. लांबच्या रस्त्यावर मला ते पटत नाही.

सरवटे वहिनी, ए १०१: काका, कशानेही जोडा, पण गाणं बदलायचं काम काकूंकडे. चालवताना फोन हातात घेतला तर मोटार वाहन कायद्याचं कलम १८४ लागतं. २०१९च्या दुरुस्तीनंतर पहिल्यांदा १००० ते ५००० दंड, आणि कैदेचीही तरतूद आहे. आमच्याकडे कोर्टात येतात ही प्रकरणं. २०२० पासून नियमात नकाशा पाहण्याची सूट आहे, तीही चालवण्यातलं लक्ष ढळणार नाही अशा रीतीने. गाणी शोधणं त्यात बसत नाही.

पुराणिक काकू, बी २०४: मग कीर्तन कोणतं लागणार ते मी ठरवणार.

नितीन, सी ३०२: काका, अ‍ॅडॅप्टर लावण्याआधी टेपचं हेड पुसा. मेडिकलमध्ये आयसोप्रोपाइल अल्कोहोल मिळतं, कापसाच्या काडीवर थोडंसं घ्या. टॉर्च मारली की आत एक चकचकीत धातूचा ठोकळा दिसेल, तो हलक्या हाताने पुसायचा. काडी तपकिरी होईल. इतक्या वर्षांच्या फितींची पूड आहे ती. स्वच्छ काडी निघेपर्यंत पुसा. गाडी अर्थातच बंद ठेवून.

रविवार

पुराणिक काका, बी २०४: जेल रोडला गेलो होतो. पहिल्या दोन दुकानांत पोरं हसली. तिसऱ्याने माळ्यावरून धूळ झटकून अ‍ॅडॅप्टर काढून दिला. रिसीव्हरही घेतला. काडी काळीकुट्ट निघाली. आता वाजतंय, पण वायर टेपच्या दारात दाबली जातेय, आणि आवाज दबका.

नितीन, सी ३०२: वाजतंय ना, मग झालंच. अ‍ॅडॅप्टरच्या कडेला वायर वळवून बसवायची खाच असेल, बघा. टेपचं तोंड ज्या बाजूला उघडतं, त्या बाजूने वायर बाहेर यायला हवी. दबक्या आवाजासाठी आधी बाणाचं बटण दाबून दुसरी बाजू लावा. मग डॉल्बी बंद करा. ते फितीची सरसर कमी करायला असतं, फोनच्या गाण्यातले वरचे सूर उगाच खाऊन टाकतं. फोन आणि रिसीव्हरचा आवाज साधारण पाऊण ठेवा, बाकीचा टेपवर वाढवा. फोन पूर्ण चढवलात तर तबला फाटल्यासारखा येईल.

पुराणिक काका, बी २०४: डॉल्बीच होतं! बंद केल्यावर झांज सुटी ऐकू यायला लागली. मी आणि ही अर्धा तास पार्किंगमध्येच बसलोय.

सेक्रेटरी, ए ३०४: काका, आवाज दुसऱ्या मजल्यापर्यंत येतोय. गाणं छान आहे, पण मुलांच्या परीक्षा आहेत.

समीर, डी ४०१: नितीन, उद्या मी सिंगल डिनवाला घ्यायचा ठरवला, तर काय बघू? माझ्या वॅगन-आरमध्ये काहीच नाहीये.

नितीन, सी ३०२: ब्लूटूथ, यूएसबी, ऑक्स तिन्ही असलेला घे. दुकानदाराला सांग, गाडीच्या वायरी कापायच्या नाहीत, तुझ्या गाडीचं कप्लर (वायरींचा तयार प्लग) लावून जोडायचं. पिवळी वायर कायम चालू राहणारी बारा व्होल्टची, लाल चावी फिरवल्यावर चालू होणारी, काळी अर्थ. पिवळी आणि लाल उलटसुलट झाली तर दर वेळी गाडी बंद केली की स्टेशनं आणि घड्याळ पुसलं जातं. आणि घाईत दोन्ही कायम चालू तारेवर जोडल्या, तर चावी काढल्यावरही सेट जागाच राहतो. गाडी बरेच दिवस उभी राहिली की बॅटरी झोपते. दुकानातून निघण्याआधी चावी काढ, परत लाव, स्टेशन लक्षात राहिलंय का बघ. मागचे स्पीकर एकेक करून वाजवून घे.

देशमुख ताई, डी २०२: नितीन, पेनड्राइव्ह चालली! थँक यू. फक्त गाणी भलत्याच क्रमाने लागतायत. नावांपुढे ०१, ०२ असं लिहूनसुद्धा.

नितीन, सी ३०२: काही स्टिरिओ नावं बघतच नाहीत, ज्या क्रमाने फायली कॉपी झाल्या त्या क्रमाने वाजवतात. सगळी एकदम ओढून टाकली की कॉम्प्युटर मर्जीप्रमाणे लिहितो. पेनड्राइव्ह पुन्हा फॉरमॅट करा आणि फोल्डर एकेक करून टाका. फोल्डरमधली गाणीही हव्या त्या क्रमाने. वेळ लागेल, पण एकदाच करायचंय. फोल्डरच्या आत फोल्डर फार करू नका.

देशमुख ताई, डी २०२: बरं. मुलाला बसवते आज रात्री.