प्रत्यक्ष पाहिलेलं आणि आठवलेलं
वर एकांनी म्हटलंय की ऐकीव गोष्टीत गफलत होते, पण स्वतःच्या डोळ्यांनी पाहिलेलं खोटं ठरत नाही. मला हे अजिबात पटत नाही. पाहताना चूक होतेच, पण त्याहून मोठी गडबड नंतर होते, कोणी काय विचारलं त्यावरून. एलिझाबेथ लॉफ्टस आणि जॉन पामर या मानसशास्त्राच्या संशोधकांनी 1974 साली 150 विद्यार्थ्यांना मोटार अपघाताची छोटी फिल्म दाखवली. पन्नास जणांना विचारलं, गाड्या एकमेकींवर 'आदळल्या' तेव्हा वेग किती होता? दुसऱ्या पन्नासांना 'धडकल्या' असा साधा शब्द वापरला. उरलेल्यांना वेगाबद्दल विचारलंच नाही. आठवड्याने सगळ्यांना एकच प्रश्न केला: फुटलेली काच दिसली होती का? फिल्ममध्ये काच फुटलेलीच नव्हती. तरी 'आदळल्या' ऐकलेल्यांपैकी 16 जण 'हो' म्हणाले. बाकी दोन गटांत 7 आणि 6. एका क्रियापदाने रस्त्यावर काचा पसरल्या!

मी स्वतः एका अपघाताचा साक्षीदार होतो. दुचाकीवाल्याने सिग्नल तोडला, हे मी छातीठोकपणे सांगितलं होतं. नंतर कॅमेऱ्याचं चित्रण पाहिलं तर त्याला हिरवाच दिवा होता. मी मान वळवली ती आवाज ऐकून, म्हणजे धडक झाल्यावर. आधीचं सगळं मनाने भरून काढलेलं, आणि तरीही तो लाल दिवा मला आजही स्पष्ट दिसतो. चित्रण नसतं तर माझ्या शब्दावर तो माणूस दोषी ठरला असता.