माहितीपट प्रदर्शनापूर्वी त्यातील माणसांना दाखवावा का?

धागालेखिका
१९६० साली सुरू झालेल्या चित्रपट संस्थेमुळे आणि राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयामुळे पुण्यात माहितीपटाकडे वळणारे तरुण सतत भेटतात. कचरावेचकांचे काम, उरुळी देवाची-फुरसुंगीचा कचरा डेपो, वस्त्यांचे पुनर्वसन असे विषय त्यांना शहरातच मिळतात. अशा नवोदितांनी रफ कट, म्हणजे संकलनाचा पहिला कच्चा मसुदा, तयार होताच तो चित्रित माणसांना दाखवून त्यांचे आक्षेप ऐकलेच पाहिजेत, असे माझे मत आहे. संमतीपत्रावर सही करताना चित्रित होणाऱ्या बाईला आपण काय बोललो एवढेच ठाऊक असते. तिच्या वाक्याला अर्थ मिळतो तो संकलनाच्या टेबलावर, ते कोणत्या दृश्याशेजारी ठेवले यावरून. ऑस्करच्या नामांकनापर्यंत पोहोचलेल्या ‘रायटिंग विथ फायर’ या माहितीपटातील आपले चित्रण चुकीचे आहे, असे २०२२ मध्ये ‘खबर लहरिया’ या महिला पत्रकारांच्या वृत्तसंस्थेला जाहीर निवेदनाद्वारे सांगावे लागले, हे विसरू नये.

प्रतिसाद १
आपल्या कळकळीबद्दल आदर आहे, पण हा नियम मला धोक्याचा वाटतो. १९५२च्या सिनेमॅटोग्राफ कायद्याने माहितीपटालाही सार्वजनिक प्रदर्शनासाठी प्रमाणपत्र लागते. ख्वाजा अहमद अब्बास यांनी आपल्या लघुपटासाठी या पूर्वपरीक्षणाला सर्वोच्च न्यायालयात आव्हान दिले, आणि १९७० मध्ये न्यायालयाने ते वैध ठरवले. त्यावर आपण दुसरे परीक्षण मंडळ बसवणार का? डेपोवरच्या माहितीपटात ग्रामस्थांबरोबर अधिकारी आणि कंत्राटदारही असतील. त्यांनाही रफ कट दाखवला, तर प्रदर्शनाआधीच वकिलाची नोटीस हाती पडेल. ‘खबर लहरिया’च्या उदाहरणातून मी उलट निष्कर्ष काढतो: दिग्दर्शकांनी आपली दृष्टी मांडली, त्या पत्रकारांनी आपली मांडली आणि लोकांना दोन्ही कळल्या.

धागालेखिका
‘खबर लहरिया’कडे स्वतःचे व्यासपीठ होते, कचरावेचक बाईकडे ते नसते, आणि प्रदर्शनाच्या दुसऱ्या दिवशी तिला त्याच मुकादमासमोर उभे राहायचे असते. अधिकाऱ्याला खुलासा करायला वृत्तपत्रे आहेत, म्हणून हे बंधन सर्वांसाठी सारखे नसावे. अंतिम निर्णय दिग्दर्शकाचाच राहू द्या, मात्र ज्या वाक्यामुळे कुणाचे काम जाईल ते काढण्याची तयारी हवी.

प्रतिसाद २
मी संकलन करतो, म्हणून एक व्यावहारिक मुद्दा मांडतो. रफ कट वस्तीत सर्वांना एकत्र दाखवणे हा सोयीचा पण वाईट मार्ग आहे, कारण नवऱ्याच्या दारूविषयी कॅमेऱ्यासमोर बोललेली बाई शेजारपाजाऱ्यांदेखत आक्षेप घेणार नाही. तिला तो एकटीला, तिच्या सवडीने दाखवावा लागतो. महोत्सवाची मुदत जवळ आली की नेमके हेच टाळले जाते, म्हणून त्यासाठीचे दिवस चित्रीकरणाआधीच वेळापत्रकात धरावेत.

प्रतिसाद १
एकटीला दाखवण्याची सूचना मला पूर्ण मान्य आहे. मात्र काम जाईल या भीतीने वाक्य काढले, तर मुकादमाची दहशत, म्हणजे माहितीपटाचा खरा विषयच, पडद्यावरून नाहीसा होतो. तिचा चेहरा झाकावा, आवाज बदलावा, पण ते वाक्य राहिले पाहिजे, यावर मी ठाम आहे.