गाजरं उभी तडकतायत, पाण्याचं गणित सांगा

मदत हवी आहे. गच्चीवर १५ × १५ इंची ग्रो बॅग, त्यात माती, कोकोपीट (नारळाच्या काथ्याचा भुसा) आणि कुजलेलं शेणखत समान. गाजर पेरून ७० दिवस झाले. पाणी दर तिसऱ्या दिवशी, बॅगेला दोन लिटर, झारीने.

उपटलेल्या पाचांपैकी तीन गाजरं खांद्यापासून टोकापर्यंत उभी चिरलेली, चिरेत माती. गाजरांना फाटे फुटलेले नाहीत, म्हणजे खडे किंवा कच्चं खत हे कारण नसावं. कोरड्या मातीत साल घट्ट होते, मग एकदम पाणी मिळालं की आतला गाभा फुगतो आणि साल फाटते, हे माहीत आहे. पण बोट खुपसलं तर वरचे दोन इंच खडखडीत, तळाच्या भोकांतून मात्र पाणी वाहतं! कोकोपीट एकदा पूर्ण वाळलं की पाणी धरत नाही, कडेने निसटतं, त्याचाच हा प्रकार वाटतो.

आता ताशी दोन लिटरचा ड्रिपर (थेंब थेंब पाणी सोडणारी तोटी) लावायचाय. रोज सकाळी २० मिनिटं, म्हणजे साधारण ६५० मिली, पुरेल का? एका बॅगेला एक ड्रिपर की दोन? काढणीआधी पाणी किती दिवस कमी करता? आणि शेजारच्या बॅगेतल्या महिनाभराच्या मुळ्याला हेच प्रमाण चालेल का? तो तहानला की तिखट आणि जून होतो.